न वाचलेले भेटपत्र

ईश्वरविज्ञानाच्या अभ्यासाला वाहिलेल्या पत्रिकेत बदकाच्या तीन पिल्लांची हसवणारी गोष्ट चर्चेला घ्यावी, हे काही वाचकांना विचित्र वाटेल. परंतु देव, पाप, कृपा आणि क्षमा यांविषयीच्या पहिल्या कल्पना आपल्या मुलांच्या मनात कोठून येतात, याचा प्रामाणिकपणे शोध घेतला, तर त्यांतील बराच भाग उपदेशपीठावरून नव्हे, तर पडद्यावरून आलेला आढळेल. शब्बाथशाळेचा धडा आठवड्यातून एकदा होतो. आवडलेला चित्रपट मात्र मूल तोंडपाठ होईपर्यंत पाहते. तेव्हा अशा चित्रपटाची शिकवण शुभवर्तमानाशी कोठे जुळते आणि कोठे त्यापासून दूर जाते, हे पाहणे मंडळीच्या शिक्षकाच्या कर्तव्यातच मोडते.

वॉल्ट डिस्ने संस्थेने १९९९ साली ‘मिकीज वन्स अपॉन अ ख्रिसमस’ या नावाचा एक व्यंगचित्रपट काढला. तो चित्रपटगृहांसाठी नव्हता. घरी बसून पाहण्याची फीत म्हणून तो बाजारात आला. त्यात नाताळाच्या तीन स्वतंत्र कथा आहेत. पैकी पहिली ‘डोनाल्ड डक : स्टक ऑन ख्रिसमस’ ही आपल्या विवेचनाचा विषय आहे. डोनाल्ड बदक १९३४ पासून पडद्यावर वावरत आहे आणि त्याचे ह्यूई, ड्यूई व लुई हे तिघे भाचे १९३८ पासून. ही त्याच्या बहिणीची मुले. म्हणजे आपल्या नात्याने डोनाल्ड त्यांचा मामा आणि कंजूष स्क्रूज हा मामाचाही मामा. १९९० च्या दशकात दूरदर्शनने ‘डकटेल्स’ ही मालिका हिंदीतून दाखविली, तेव्हापासून ही मंडळी आपल्याकडेही घरोघरी ओळखीची झाली आहेत. भावंडे असूनही हे तिघे खरे तर एकमेकांचे सवंगडी आहेत. खोडी काढायची ती तिघांनी मिळून, आणि तिचे फळ भोगायचे तेही तिघांनी मिळून.

कथा थोडक्यात अशी. नाताळाच्या सकाळी तिघे उठतात आणि डेझी, स्क्रूज व गर्टी आत्या येण्याची वाट न पाहता भेटींची बांधणी फाडून मोकळे होतात. बर्फावरच्या नव्या घसरगाड्या घेऊन ते दिवसभर हुंदडतात, मेजवानीवर ताव मारतात आणि घरातील वडीलधारी मंडळी नाताळगीते म्हणायला जमतात तेव्हा खेळायला निघून जातात. रात्री झोपण्यापूर्वी तिघांची एकच इच्छा असते : रोज नाताळ असावा. ती पूर्ण होते. दुसऱ्या दिवशी तोच दिवस पुन्हा उजाडतो. त्याच भेटी, तेच पाहुणे, तेच जेवण, तेच बोलणे. घरात इतर कोणाला याची आठवण नाही. जाणतात ते फक्त हे तिघे. पहिले काही दिवस आनंदाचे जातात, मग कंटाळ्याचे येतात. कंटाळ्यातून खोड्या सुचतात. एके दिवशी तर शिजवलेल्या टर्कीच्या जागी ते जिवंत टर्की मेजावर आणून ठेवतात. सर्वांचा सण नासतो, आणि सर्वांत अधिक दुःखी होतो तो डोनाल्ड. त्यानंतर मुलांच्या हाती एक भेटपत्र लागते. डोनाल्ड आणि डेझी यांनी भेटींबरोबर ते पहिल्याच दिवशी दिलेले होते, परंतु भेटी उघडण्याच्या घाईत कोणी ते वाचलेच नव्हते. नाताळ म्हणजे भेटी नव्हेत, आपल्या माणसांबरोबर असणे म्हणजे नाताळ, अशा अर्थाचा प्रेमाचा मजकूर त्यात असतो. मुले ओशाळतात. पुढचा दिवस ते घरातील सर्वांसाठी सर्वांत सुंदर नाताळ करून दाखवितात. त्यानंतरची सकाळ उजाडते ती २६ डिसेंबरची.

या कथेचे मूळ अमेरिकन कादंबरीकार विल्यम डीन हॉवेल्स यांच्या ‘ख्रिसमस एव्हरी डे’ या बालकथेत आहे. ती १८९२ साली त्यांच्या बालकथांच्या संग्रहात आली. तेथेही एक लहान मुलगी रोज नाताळ मागते आणि तिला तो वर्षभर मिळतो. परंतु हॉवेल्स यांच्या कथेत काळ थांबत नाही. दिवस पुढे सरकत राहतात आणि प्रत्येक दिवस नाताळ होऊन येतो. म्हणून त्याचे परिणामही साचत जातात : भेटी विकत घेता घेता लोक कंगाल होतात, टर्की मिळेनाशी होते, नाताळाच्या झाडांसाठी राने तोडली जातात, आणि हे कोणामुळे घडले ते कळल्यावर मुले त्या मुलीशी खेळेनाशी होतात. एका बालकाच्या हावेची किंमत सारा देश मोजतो. ही विनोदी कथा आहे खरी, पण तिच्या तळाशी सामाजिक न्यायाची जाण आहे. चित्रपटाने ही बाजू गाळली. त्याने देशाऐवजी घर घेतले आणि साचणाऱ्या परिणामांऐवजी रोज पुसली जाणारी पाटी घेतली. या फेरफाराने काही गमावले, तसे काही कमावलेही. दोहोंचा हिशेब मांडला पाहिजे.

आधी कमाईकडे पाहू. लहान मुलांना पुनरावृत्तीचा कंटाळा नसतो. तीच गोष्ट, तोच खेळ, तेच गाणे त्यांना पुन्हा हवे असते. चेस्टरटन यांनी १९०८ च्या ‘ऑर्थोडॉक्सी’ या ग्रंथात याच स्वभावात ईश्वराच्या ताजेपणाची खूण पाहिली; रोज सूर्य उगवतो तो यंत्राच्या नियमाने नव्हे, तर देवाला त्याचा अजून कंटाळा आलेला नाही म्हणून, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय आहे. मग ही तीन पिल्ले थोड्याच दिवसांत का कंटाळतात? चित्रपट याचे उत्तर शब्दांत देत नाही, पण चित्रांत देतो. त्यांनी पुनरावृत्ती मागितली ती वस्तूंची, आणि वस्तू दुसऱ्यांदा मिळाली की जुनी होते. गोष्ट सांगणाऱ्या आजीच्या मांडीवर बसून तीच गोष्ट शंभरदा ऐकणारे मूल कंटाळत नाही, कारण ते गोष्टीबरोबर आजीलाही ऐकत असते. निर्गमाच्या पुस्तकातील मान्ना आठवावा. तो दररोज पडत होता आणि दररोज पुरत होता. परंतु उद्याची तरतूद म्हणून जो साठवून ठेवला गेला, त्यात किडे पडले. देणाऱ्यापासून तोडलेली देणगी नासते. रोजचा नाताळ मागणाऱ्या या पिल्लांनी नेमके तेच केले आहे.

‘फेरा’ हा शब्द मराठी कानाला पोरका नाही. जन्ममरणाच्या फेऱ्यातून सुटावे ही आपल्या भूमीची जुनी तळमळ आहे. आणि याच भूमीत तुकोबांनी असेही मागणे मागितले की, संतांची संगत लाभणार असेल तर मुक्ती नको, पुन्हा जन्माला घातले तरी चालेल. त्यांची आणि आपली धर्मश्रद्धा वेगळी असली, तरी त्या मागण्यातील मर्म ओळखण्यास अडचण नसावी : काळाचा फेरा असह्य होतो तो संगतीविना. चित्रपटातील भेटपत्र आपल्या साध्या बालबोध भाषेत याच्याच जवळ येते.

आता मुख्य प्रश्नाकडे वळू. हा फेरा सुटतो कशाने? चित्रपटाचा वरवरचा बोध सरळ आहे : मुले वाईट वागली तोवर अडकून राहिली, चांगली वागली तेव्हा सुटली. आई-वडिलांना हा बोध आवडतो, शिक्षकांना सोयीचा वाटतो, आणि नाताळाच्या कार्यक्रमात तोच सांगितला जाण्याचा संभव अधिक. परंतु या बोधात एक धोका आहे. चांगुलपणा म्हणजे उद्याचा दिवस विकत घेण्याचे नाणे, असे त्यातून मुलाच्या मनावर ठसते. जे मूल आज सुखात आहे, त्याचे यामुळे फारसे बिघडणार नाही. पण ज्याची आई दुखणाईत आहे, ज्याच्या वडिलांचे काम सुटले आहे, ज्याच्या घरी रात्र रोज त्याच भांडणाने संपते, त्या मुलाचा विचार करा. तेही एका फेऱ्यात अडकलेले आहे. ते शहाण्यासारखे वागून पाहते, सांगितलेले ऐकते, प्रार्थना म्हणते. आणि तरीही दुसऱ्या दिवशी तीच सकाळ उजाडते. त्याने या बोधातून काय निष्कर्ष काढावा? आपला चांगुलपणाच कमी पडला, हाच. ईयोबाच्या मित्रांनी त्याला सांत्वनाच्या नावाखाली हेच ऐकविले होते आणि त्या ग्रंथाच्या शेवटी देवाने त्यांना दोष दिला. मोठ्यांना जे सांगणे देवाला मान्य नव्हते, ते लहानांना सांगण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला?

येथे तुलनेसाठी याच कल्पनेवरील एक प्रौढांचा चित्रपट घेता येईल. हॅरल्ड रॅमिस यांनी दिग्दर्शित केलेला ‘ग्राउंडहॉग डे’ १९९३ साली आला. त्यात हवामानाचे वृत्त देणारा एक आत्मकेंद्री वार्ताहर पेन्सिल्वेनियातील एका गावी २ फेब्रुवारी या दिवसात अडकतो. ही तारीख मंडळीच्या पंचांगाच्या अभ्यासकाला सूचक वाटेल. ख्रिस्तजन्माच्या सणापासून मोजलेला हा चाळिसावा दिवस, बाळ येशूला मंदिरात सादर केल्याच्या स्मरणाचा. त्या दिवशीच्या हवेवरून हिवाळा किती उरला ते ओळखण्याची युरोपातील रीत जर्मन वसाहतकऱ्यांनी अमेरिकेत नेली आणि तिचाच तेथे हा लोकोत्सव झाला. त्या चित्रपटाचा नायकही शेवटी परोपकारी होऊन सुटतो. परंतु तेथे एक प्रसंग असा आहे, जो बालचित्रपटात नाही. रस्त्यावरील एका वृद्ध भिकाऱ्याला वाचविण्यासाठी तो पुन्हा पुन्हा धडपडतो, त्याला जेवू घालतो, रुग्णालयात नेतो. तरी त्या रात्री तो वृद्ध मरतोच. कितीही वेळा दिवस मिळाला तरी मनुष्याच्या सत्कृत्याला ज्याच्यापुढे थांबावे लागते, अशी एक सीमा आहे. हे मान्य केल्यामुळे त्या चित्रपटातील चांगुलपणा व्यवहार राहत नाही, दया होतो. लहान मुलांपुढे मृत्यू ठेवावा असे माझे म्हणणे नाही. पण चांगुलपणाने सर्व काही सुटते, असेही त्यांच्यापुढे ठेवू नये.

सुदैवाने हा बालचित्रपट आपल्या बोधाहून अधिक शहाणा आहे. कथेचा क्रम नीट पाहिला, तर मुलांचे वागणे बदलल्यामुळे भेटपत्र मिळाले असे घडत नाही. भेटपत्र वाचल्यामुळे वागणे बदलते. आणि हे पत्र त्यांनी कमावलेले नाही. सर्वांत हिडीस खोडी काढून झाल्यावर, घरातील सणाचा चुराडा झाल्यावर ते त्यांच्या हाती येते. शिवाय ते नव्याने लिहिलेले नाही. त्यांच्या वागण्याकडे पाहून मामाने घाईघाईने लिहून दिलेला तो उपदेश नव्हे. पहिल्या सकाळीच, एकही चूक घडण्यापूर्वी, ते भेटींबरोबर ठेवलेले होते. कथेच्याच न्यायाने पाहिले, तर प्रत्येक सकाळ जशीच्या तशी परतत असल्यामुळे ते पत्रही रोज नव्याने दिले जात होते. जितक्या वेळा नाताळ झाला, तितक्या वेळा ते तेथे होते. आणि तितक्याच वेळा न वाचता बाजूला पडले.

कृपेविषयी मंडळी जे शिकवीत आली आहे, त्याचे याहून बोलके चित्र लहान मुलांच्या आटोक्यात सापडणे कठीण. कृपा आधी येते. पश्चात्ताप हे तिचे मूल्य नव्हे. पश्चात्ताप म्हणजे ती दिलेली होती हे उशिरा कळणे. कंटाळ्याने त्या तिघांना बदलले नाही, उलट अधिक निर्दय केले. शिक्षेनेही बदलले नाही, कारण सकाळी पाटी कोरी होत असल्यामुळे शिक्षा उरतच नव्हती. बदलले ते आपल्यावर आधीपासून असलेल्या प्रेमाचा शब्द वाचून. दिग्दर्शकाच्या मनात ईश्वरविज्ञान नसेलही. पण कथेने आपले काम केले आहे, आणि समीक्षकाने ते कथेच्या पदरात टाकले पाहिजे.

चित्रपटाची दुसरी उणीव मात्र अशी सहज भरून निघत नाही. ती क्षमेसंबंधी आहे. जिवंत टर्कीच्या प्रसंगाने डोनाल्डचे मन मोडते. परंतु दुसऱ्या सकाळी त्याला त्यातले काहीच आठवत नाही. मुले जी भरपाई करतात, ती आपण दुखावले गेलो हे ज्याला ठाऊक नाही अशा मामाला. त्याच्यापुढे उभे राहून आपण चुकलो असे म्हणण्याची, आणि त्याच्या तोंडाकडे पाहत उत्तराची वाट पाहण्याची वेळ त्यांच्यावर येतच नाही. विस्मरणाने त्यांना क्षमेच्या परीक्षेतून सोडविले. पण विसरणे म्हणजे क्षमा नव्हे. उधळ्या पुत्राच्या दाखल्यातील पिता विसराळू नाही. पुत्र हरवला होता, मेला होता, हे त्याला पुरते आठवते. आठवत असूनही तो धावत पुढे जातो, आणि त्या धावण्यातच शुभवर्तमान आहे. भावाला किती वेळा क्षमा करावी, या पेत्राच्या प्रश्नाला प्रभूने दिलेले उत्तरही मोजदादीचे जोखड मोडणारे आहे, स्मृती पुसणारे नव्हे. जो रोज सकाळी सर्व विसरतो, त्याला सातदाच काय, एकदाही क्षमा करावी लागत नाही. हॉवेल्स यांच्या कथेत परिणाम साचत होते, म्हणून तेथे लाजही खरी होती. फेऱ्याच्या सोयीसाठी चित्रपटाने दिलेली किंमत ही.

यातूनच आपल्या स्वतःच्या काळाविषयीचा प्रश्न उभा राहतो. मंडळीचे वर्षही वर्तुळासारखे फिरते. दरवर्षी आगमनकाळ येतो, तीच वचने वाचली जातात, तीच गीते होतात, गोठ्यातील त्याच मूर्ती पेटीतून निघतात. मग आपणही फेऱ्यातच आहोत काय? पाचव्या शतकाच्या आरंभी ‘देवाचे नगर’ या ग्रंथाच्या बाराव्या भागात संत ऑगस्टीन यांनी काळ अखंड त्याच त्या आवर्तनांतून फिरतो या प्राचीन तत्त्वज्ञांच्या मताचा समाचार घेतला. त्यांचा आधार एकच होता : ख्रिस्त आपल्या पापांसाठी एकदाच मरण पावला. इब्री लोकांस लिहिलेल्या पत्रात ‘एकदाच’ या शब्दावर जो भर आहे, त्यावर ख्रिस्ती काळाची सारी मांडणी उभी आहे. म्हणून आपला सण ही घटनेची पुनरावृत्ती नव्हे, तर तिचे स्मरण आहे. पुनरावृत्तीत घटना पुन्हा होते आणि माणूस तोच राहतो. स्मरणात घटना एकदाच होते आणि माणूस बदलतो. पिल्लांचा नाताळ पुन्हा पुन्हा झाला, पण पत्र वाचेपर्यंत त्यांनी त्याचे स्मरण एकदाही केले नव्हते. आपल्या मंडळ्यांतील किती नाताळ त्यांच्यासारखे जातात, कपडे, फराळ, रोषणाई आणि पाहुणे यांत पत्र तसेच मिटलेले राहते, याचा विचार ज्याने त्याने करावा. सण वर्षातून एकदाच येतो म्हणून तो आपोआप स्मरण होत नाही.

शेवटी शिक्षकांसाठी दोन व्यावहारिक गोष्टी सांगून हे विवेचन पुरे करतो. हा चित्रपट मुलांना जरूर दाखवावा. तो खळखळून हसवतो आणि त्यात काही अभद्र नाही. मात्र दाखविताना भेटपत्राच्या प्रसंगी तो थांबवावा आणि मुलांना विचारावे की, हे पत्र मामाने केव्हा लिहिले असेल? बहुतेक मुले हा प्रश्न ऐकून प्रथम गोंधळतील, कारण त्यांचे लक्ष खोड्यांकडे असते. पण ते पहिल्याच दिवशी लिहिलेले होते, हे एखादे मूल शोधून काढील, आणि त्या एका उत्तरात वर्गाला कृपेचा धडा मिळेल. दुसरे, चित्रपट संपल्यावर विचारावे की, मामाला सर्व आठवत असते तर मुलांनी काय केले असते आणि मामाने काय केले असते? याचे उत्तर चित्रपटात नाही. ते मुलांना आपापल्या घरी, ज्यांना सर्व आठवते अशा माणसांच्या सहवासात शोधावे लागेल, आणि तेथे त्यांना शिक्षकाच्या उपदेशापेक्षा वडीलधाऱ्यांच्या वागण्याचा आधार अधिक लागेल. २६ डिसेंबरची सकाळ ही त्या पिल्लांना वाटली तशी बक्षिसाची सकाळ नव्हे. भेटी उघडून झालेल्या असतात, पाहुणे परतलेले असतात, आणि कालचे सर्व सर्वांना आठवत असते. ख्रिस्ती जीवन त्या सकाळपासून जगायचे असते.